कांदापातीचे चिनी पॅनकेक : पदर सुटत नसतील तर या चुका टाळा

चीनमध्ये ‘त्सोंग-यो-पिंग’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या या पदार्थाला आपण पॅनकेक म्हणत असलो, तरी त्यात ना अंडे असते ना सरसरीत पीठ. कांदापात आत गुंडाळून लाटलेली आणि तेलावर खरपूस भाजलेली ती मैद्याची पदरांची पोळी आहे. घरी ती वातड झाली किंवा पदर एकमेकांना चिकटले, की दोष तव्याला दिला जातो. माझ्या अनुभवात मात्र बिघाड बहुधा त्याआधीच झालेला असतो.

सर्वांत मोठी चूक म्हणजे सगळे पीठ गार पाण्यात मळणे. उकळत्या पाण्याने मैद्यातील ग्लुटेन या प्रथिनाचा चिवटपणा कमी होतो आणि स्टार्च फुगून पाणी धरून ठेवतो, त्यामुळे पोळी निवल्यावरही मऊ राहते. मोदकाच्या उकडीचा लुसलुशीतपणाही अशाच फुगलेल्या स्टार्चमुळे येतो. 250 ग्रॅम मैद्यात साधारण 125 मिली उकळते पाणी चमच्याने ढवळत घालावे आणि मग 35 ते 40 मिली गार पाणी लागेल तसे घेऊन मळावे. गोळा सुरुवातीला बोटांना चिकटतो, तेव्हा वरून मैदा भुरभुरण्याचा मोह आवरावा. तो झाकून अर्धा तास ठेवला, की तोच गोळा आपोआप गुळगुळीत आणि कानाच्या पाळीसारखा मऊ होतो.

पदरांमध्ये नुसते तेल लावले तर ते गुंडाळताना कडेने बाहेर येते. चिरोट्यांना लावतो तसा साटा इथेही हवा : दोन मोठे चमचे मैद्यावर तीन मोठे चमचे कडकडीत तेल ओतून, त्यातच अर्धा लहान चमचा मीठ कालवावे. हे मीठ कांदापातीला आधीच चोळून ठेवू नये, कारण तिला पाणी सुटते आणि लाटताना पोळी फाटते. धुतलेली पात फडक्यावर पूर्ण कोरडी करावी. आपल्याकडच्या पातीचे कांदे बरेचदा जाड असतात आणि त्यांचे तुकडे पारीला भोके पाडतात. म्हणून ते भाजीसाठी बाजूला ठेवून हिरवा भागच बारीक चिरून घ्यावा.

पीठ चार भागांत वाटून प्रत्येकाची शक्य तितकी पातळ पोळी लाटावी, साटा आणि पात पसरून घट्ट वळकटी करावी आणि तिची चकली वळावी. ही चकली लगेच लाटली तर पारी मागे आखडते आणि जोर लावल्यास आतले पदर चिरडतात, म्हणून तिला पंधरा मिनिटे विसावू द्यावे.

तव्यावर तेल सढळ आणि आच मध्यम असावी. मोठ्या आचेवर बाहेरून डाग पडतात आणि मध्यभाग कच्चा राहतो, त्यामुळे प्रत्येक बाजू झाकण ठेवून दोन-तीन मिनिटे भाजावी आणि शेवटी झाकण काढून कुरकुरीत करावी. तैवानमध्ये ‘त्सोंग-च्वा-पिंग’ हा याचाच प्रकार उतरवण्यापूर्वी दोन उलथन्यांनी दोन्ही बाजूंनी आत दाबून मोकळा करतात. मला हीच पद्धत अधिक आवडते, कारण दडलेले पदर तव्यावरच फुलून दिसू लागतात. उरलेल्या पोळ्या कच्च्याच, मध्ये प्लॅस्टिकचा कागद घालून फ्रीझरमध्ये ठेवाव्यात आणि न वितळवता थेट तव्यावर टाकाव्यात. वितळू दिल्या तर त्या कागदाला चिकटतात.