लोकसंख्यावाढीचा दर काढताना दहाने भागू नका

महाराष्ट्राचे जनगणनेचे आकडे कोटींत उतरवून घ्या: १९६१ – ३.९६, १९७१ – ५.०४, १९८१ – ६.२८, १९९१ – ७.८९, २००१ – ९.६९, २०११ – ११.२४.

आधी वजाबाकी करा. दर दशकाची भर येते १.०८, १.२४, १.६१, १.८०, १.५५ कोटी. मग पुढच्या आकड्याला मागच्याने भागा. पट येते १.२७, १.२५, १.२६, १.२३, १.१६. भर सारखी राहिली तर वाढ रेषीय, पट सारखी राहिली तर घातांकीय. सरळव्याज आणि चक्रवाढीत असतो तोच फरक. २००१ पर्यंत भर फुगत गेली आणि पट फारशी हलली नाही, म्हणजे तोवर घातांकीय. ‘आलेख काढा, वळला तर घातांकीय’ हा सल्ला सरळ सोडून द्या. चार ठिपक्यांत वळण डोळ्यांना दिसत नाही.

आता वार्षिक दर. गाडी अडते ती इथेच, आणि परीक्षेच्या नोट्समध्येही हेच बिनदिक्कत चुकीचं छापलेलं असतं. १९९१ ते २००१ चा दशवार्षिक वाढदर २२.७३ टक्के. त्याला दहाने भागून ‘वर्षाला २.२७ टक्के’ म्हणायचं आणि तोच दर चक्रवाढीने लावायचा, हे गणित नाही. करून बघा: ७.८९ कोटींवर २.२७ टक्के दहा वर्षं चढवले की ९.८८ कोटी होतात. प्रत्यक्षात होते ९.६९. जवळजवळ १९ लाख माणसं नुसत्या भागाकारातून जन्माला आली!

दहाने भागणं रेषीय वाढीत चालतं, कारण तिथे दर वर्षाची भर तेवढीच असते. घातांकीय वाढीत दहावं मूळ काढावं लागतं: १.२२७३ चा ०.१ वा घात. उत्तर १.०२०७, म्हणजे वर्षाला २.०७ टक्के. बहुतेक फोन आडवे धरले की कॅल्क्युलेटरवर घाताचं बटण दिसतं. दर काढला की तो दहा वर्षं उलट चालवून मूळ आकडा परत येतो का, हे तपासल्याशिवाय पुढे जायचं नाही. ही तपासणी मी कधीच गाळत नाही.

दुप्पट व्हायला किती वर्षं? ७० ला वार्षिक दराने भागा. १९६१ ते १९९१ चा दर साधारण २.३ टक्के, म्हणजे तीस वर्षं, आणि ३.९६ चे ७.८९ तीस वर्षांतच झाले.

शेवटी अंदाज, आणि तो दोन्ही पद्धतींनी. १९७१-८१ वरून १९९१ काढलात तर रेषीय उत्तर ७.५२, घातांकीय ७.८२, खरा आकडा ७.८९, घातांकीय जवळ. १९९१-२००१ वरून २०११ काढा: रेषीय ११.४९, घातांकीय ११.९०, खरा ११.२४. इथे दोन्ही चुकली आणि घातांकीय जास्त चुकली, कारण जन्मदर उतरला आणि पटच घसरली. म्हणून पट घसरताना दिसली की जुना दर पुढे ओढायचा नाही. सर्वांत ताजी पट घ्या, एका दशकापलीकडे जाऊ नका आणि उत्तराशेजारी कोणत्या दोन जनगणनांवरून काढलं ते लिहा.