तगरीवरच्या अळीचा पतंग होईपर्यंत

श्रावणात पूजेला तगरीची फुलं काढायला गेलात, शेंडे कुरतडलेले दिसले आणि खाली फरशीवर मिऱ्यांएवढ्या लेंड्या पडलेल्या असल्या, की झाडात नीट बघा. आमच्या सहकारनगरच्या बिल्डिंगमध्ये अशा वेळी माळीकाका फवारणीचा पंप काढतात. मी हात जोडून सांगते, "काका, थोडे दिवस थांबा, तगर परत फुटते."

अळी हिरवीगार, बोटाएवढी जाड. कडेला बारीक पांढरे ठिपके, शेपटाशी आखूड पिवळसर शिंग. ते टोचत नाही. डोक्यामागे निळे-पांढरे दोन डोळे दिसतात, ते निव्वळ पक्ष्यांना भिववायला. हिचं शास्त्रीय नाव डॅफ्निस नेरिआय, इंग्रजीत ओलिएंडर हॉकमॉथ. १७५८ मध्ये लिनियस या स्वीडिश निसर्गशास्त्रज्ञाने नाव दिलेली. आफ्रिका आणि दक्षिण आशिया हे तिचं घर, पण उन्हाळ्यात हे पतंग थेट युरोपात उडत जातात.

पाळायची असेल तर ज्या झाडावर सापडली त्याचीच ताजी पानं रोज द्या: तगर, कण्हेर, सदाफुली. कण्हेरीचा चीक विषारी असतो, म्हणून हात साबणाने धुवा आणि लहान मुलांना पानं तोडू देऊ नका.

एक दिवस ती खाणं सोडते, तपकिरी पडते आणि सैरावैरा फिरते. आजारी नाही; कोशात जायची जागा शोधतेय. बादलीत मातीवर वाळक्या पानांचा थर द्या. त्यात ती विरळ धागे विणून कोश करते. साधारण दोन आठवडे त्याला हलवू नका.

आणि बादलीत खरखरीत काठी तिरकी उभी करा, हे विसरू नका. पहिल्या वर्षी मी गुळगुळीत डबा वापरला. पतंगाला वर चढता आलं नाही, पंख तसेच चुरगळून वाळले. अजून डोळ्यांसमोर येतं ते. बाहेर आल्यावर त्याला लटकायला जागा लागते, तरच पंख पसरतात.

पसरल्यावर बघा: शेवाळी हिरव्यावर पांढऱ्या-गुलाबी लाटा, मधे जांभळट झाक, रुंदी नऊ-दहा सेंटिमीटर. दिवसभर तिथेच बसू द्या. तिन्हीसांजेला काठी अलगद उचलून जाईच्या वेलाजवळ ठेवा, गॅलरीतला दिवा मालवा. उडण्याआधी तो अंग गरम करायला पंख थरथरवतो. तेव्हा हात लावू नका.