मातीचा राक्षस हालवताना या चुका टाळा

राजेहो, उन्हाळ्यात भाच्यांसोबत फ्रँकेनस्टाईनची मजेशीर स्टॉप-मोशन (बाहुलं जरा जरा हालवून एकेक फोटो काढायचा अन् ते जोडून फिल्म करायची) करायला घेतली. आमचा राक्षस विजेच्या डीपीतून ठिणगी पडली की उठतो अन् कोंबडीले भेतो, एवढीच गोष्ट.

पहिले नावाचं. फ्रँकेनस्टाईन हे राक्षसाचं नाव नाही, त्याले बनवणाऱ्याचं आहे. मेरी शेलीच्या 1818 च्या पुस्तकात राक्षसाले नावच नाही, कातडी पिवळी अन् केस लांब काळे, मानेतले बोल्ट तर 1931 च्या सिनेमातून आले. म्हणून हिरवा बोल्टवाला बनवू नका, पिवळाच करा, नागपूरच्या मिरवणुकीतला पिवळ्या मारबतीचा पुतळा पाहिलेल्या माणसाले तो लगेच आपला वाटते.

कूलरची चूक आम्हाले लय महागात पडली. केसांले रंगवलेला कापूस लावला होता, दोन तास फोटो काढले अन् प्ले केलं तर कूलरच्या हवेनं कापूस हालून डोकं नुसतं उकळल्यासारखं दिसे. कूलर बंद केला तर क्ले मऊ होऊन मान छातीवर. मग पहाटेच शूट करायला लागलो. पोळ्याच्या बैलाची माती तर वापरूच नका, वाळली की तडकते, तेलाची क्ले घ्या अन् आत ॲल्युमिनियमची दुहेरी पिळलेली तार घाला.

प्ले केल्यावर मागची भिंत लुकलुकत असंल तर खिडकीतून ऊन येत आहे समजा. ते सरकते, डोळ्याले कळत नाही पण फोटोत कळते. खिडकीवर पोतं टांगा, मोबाईलचं फोकस, एक्स्पोजर (उजेड), व्हाईट बॅलन्स (रंगाची छटा) लॉक करा, अन् पांढरा शर्ट घालून जवळ उभे राहू नका, त्याचाही उजेड पडते.

सेकंदाले 12 फोटो धरा, म्हणजे मिनिटाले 720, म्हणून पहिल्यांदा 30 सेकंदांचीच गोष्ट घ्या.

पण खरी गडबड हसण्यात होते, कारण सगळे राक्षसाले सारखं हालवत राहतात. हसू त्याच्या थांबण्यात आहे भाऊ! कोंबडी समोर आली की त्याले पूर्ण 12 फोटो गच्च उभा ठेवा, मग 3 फोटोंत एकदा पापणी मिटू द्या, मग जरासा खाली दबू द्या अन् 2 फोटोंत सरळ बाजेखाली. आम्ही आधी हे पळणं 20 फोटोंत केलं होतं, कोणीच हसलं नाही, 2 वर आणलं तशी आजी खुदकन हसली.

पळताना पाय निसटत असंल तर जमीन थर्माकोलची करा अन् खालून तळव्यात टाचणी खुपसा.