पिल्लाला लस देताना या चुका टाळा

‘एक इंजेक्शन झालंय की, आता काय होतंय त्याला?’ हे वाक्य ऐकलं की माझं डोकं उठतं. कुत्र्यांना ट्रेनिंग द्यायच्या निमित्तानं कोल्हापुरात घरोघरी जाणं असतं, आणि नवीन पिल्लू आणलेल्या बहुतेक घरांत हाच समज भेटतो.

पिल्लू जन्मलं की पहिल्या दिवशीच्या चिकातून त्याला आईची प्रतिकारशक्ती मिळते. ती काही आठवडे त्याला सांभाळते, पण आपण दिलेली लसही तीच निकामी करते. ती कधी ओसरेल याचा नेम नाही. एकाच वेतातल्या एका पिल्लाची आठव्या आठवड्यात ओसरते, दुसऱ्याची पार चौदाव्या-पंधराव्यात. मधे असे दिवस येतात की ती रोगाला अडवायला पुरत नाही, पण लसीला मात्र अडवते. म्हणून पहिला डोस सहा ते आठ आठवड्यांना, मग दर तीन-चार आठवड्यांनी पुढचा, आणि शेवटचा सोळा आठवडे भरल्यावर. हा शेवटचा कंटाळा करून सोडला, तर आधीचे सगळे वाया गेलेले असू शकतात.

राजारामपुरीत एका घरी लॅब्राडोरचं पिल्लू आणलं होतं. विकणाऱ्यानं सांगितलेलं, ‘वॅक्सिनेशन फुल्ल आहे.’ कार्ड उघडून बघितलं तर एकच स्टिकर, तोही पाचव्या आठवड्यातला. मी म्हटलं, ‘दादा, याला अजून खाली सोडू नका.’ पण रविवारी पोरांनी हट्ट केला आणि पिल्लू रंकाळ्यावर गेलं. गवतात लोळलं, भटक्या कुत्र्यांनी हुंगलं तिथंच हुंगत बसलं. त्याच आठवड्यात त्यानं खाणं सोडलं. आधी पांढरा फेस ओकला, मग रक्ताची पातळ संडास, तिचा तो वास एकदा घेतला की विसरत नाही. पार्वो, म्हणजे पिल्लांच्या आतड्यांवर हल्ला करणारा विषाणूचा आजार. रोज सलाईन चालू होतं, काकू रात्रभर त्याच्या उशाशी बसायच्या, तरी गेलं ते.

पुढची चूक त्याच घरात झाली. पोरं रडतात म्हणून महिन्याभरात दुसरं पिल्लू आणायचं ठरलं. फरशी फिनेलनं पुसली होती, एवढीच तयारी. पार्वोचा विषाणू फिनेलला दाद देत नाही आणि घरात, अंगणात महिनोन्महिने टिकतो. फरशी आधी साबणानं धुवायची, मग ब्लीच पाण्यात मिसळून दहा-पंधरा मिनिटं ओली ठेवायची. अंथरूण, पट्टा, ताटली फेकून द्यायची. माती असलेल्या अंगणाला ब्लीच पुरत नाही. अशा घरात मी डोस पूर्ण झालेलं मोठं कुत्रं आणायला सांगतो. घाई करणाऱ्यांना हे पटत नाही, पण दुसरं पिल्लूही त्याच वाटेनं गेलेलं मी बघितलंय.

घरात ठेवा म्हणजे कोंडून ठेवा असं मात्र नाही. ट्रेनर म्हणून हे मला तितकंच महत्त्वाचं वाटतं. पिल्लाला कडेवर घ्या, टोपलीत बसवा, रिक्षाचे हॉर्न, ढोल, गर्दी सगळं ऐकू दे, बघू दे. फक्त जमिनीवर पाय नको आणि अनोळखी कुत्रं नको. शेवटच्या डोसनंतरही दोन आठवडे थांबा, लस टोचली त्याच दिवशी ताकद येत नाही.

मेडिकलमधून लस आणून घरीच टोचणारे शेदोनशे रुपये वाचवतात. लस २ ते ८ अंशांत राहावी लागते. एप्रिलच्या उन्हात गाडीच्या डिकीतून आणलेली लस देणं म्हणजे पाणी देणं. शिवाय लस दिल्यावर तोंड सुजलं, धाप लागली, तर घरात काय करणार? मी दवाखान्यातच अर्धा तास बसतो. एखादा दिवस मरगळ आणि हलका ताप चालतो.

जुलाब चालू असताना किंवा अंगात ताप असताना लस नको. जंताचं औषध आधीपासून वेळेवर द्या.

आता किती दिवस पुरते ते. पार्वो आणि डिस्टेंपर (हाही कुत्र्यांचा विषाणूचाच आजार) यांचा पहिला कोर्स झाला, वर्षानं बूस्टर झाला, की पुढं साधारण तीन वर्षं संरक्षण टिकतं. लेप्टोचं, म्हणजे लेप्टोस्पायरोसिस या आजाराचं, तसं नाही, ते वर्षभरच. उंदराच्या मुतानं दूषित झालेल्या पाण्यातून तो येतो, आणि २०१९ नि २०२१ ला पंचगंगा कुठवर आली होती ते आपण बघितलंय. म्हणून लेप्टोचा डोस मी मे महिन्यातच उरकून घेतो, पाऊस सुरू व्हायची वाट बघत नाही.

रेबीजची लस तीन महिने भरल्यावर, मग वर्षानं, आणि पुढं लसीवर लिहिलंय त्याप्रमाणं. इथले बरेच डॉक्टर दरवर्षी देतात आणि मीही दरवर्षी देतो, कारण आपल्या गल्लीत रेबीज आहे. लस झालेल्या कुत्र्यालाही भटकं कुत्रं चावलं तर जखम पंधरा मिनिटं साबण-पाण्यानं धुवा आणि त्याच दिवशी डॉक्टर गाठा, पुन्हा डोस लागतात. आणि पिल्लू तुम्हाला चावलं, रक्त आलं, तर ‘आमचंच आहे’ म्हणून बसू नका. सीपीआरला, म्हणजे कोल्हापूरच्या सरकारी दवाखान्यात जा आणि तिथं पिल्लाचं कार्ड दाखवा.