मालिकेचा करार सही करण्याआधी

मालिकेत मानधन बहुधा 'पर डे' ठरतं आणि साधारण 90 दिवसांनी हातात पडतं. जूनच्या कामाचे पैसे थेट सप्टेंबरअखेर! तेवढे महिने मुंबईतलं भाडं, रिक्षा, जेवण निघेल एवढी रक्कम आधीच बाजूला ठेवा. नवे कलाकार इथेच अडकतात.

करारात शिफ्ट 12 तासांची आहे का आणि महिन्याला किमान किती दिवसांची हमी आहे, हे बघा. हमी नाही, पण 'एक्सक्लुझिव्ह' कलम आहे, असा करार घेऊच नका. तुमचा ट्रॅक, म्हणजे तुमच्या पात्राचं कथानक, थांबला की घरी बसायचं आणि दुसरं कामही घेता येत नाही.

सेटवर एक छोटी वही ठेवा: तारीख, कॉल टाइम (सेटवर बोलावलेली वेळ), मेकअपला बसलेली वेळ, पॅकअप. निघताना तेच प्रॉडक्शनवाल्याला व्हॉट्सॲप करा. महिनाअखेरीस त्यांचे 11 दिवस आणि तुमचे 13 निघाले, तर हीच नोंद कामी येते.

बिल महिना संपताच द्या, कारण 90 दिवस बऱ्याचदा बिलाच्या तारखेपासून मोजतात. 10 टक्के टीडीएस कापला, तर तो आयकर पोर्टलवर तुमच्या पॅनवर जमा दिसतोय ना, तेही तपासा.