पाठीवरचा पांढरा पट्टा म्हणजे बुरशीच, असे समजू नका

घरच्या टाकीतल्या मोली किंवा गप्पी माशाच्या पाठीवर पांढरट पट्टा उमटला, की बहुतेक जण त्याला बुरशी ठरवतात आणि हिटर ३० अंशांवर नेऊन ठेवतात. पुष्कळदा तो कॉलम्नारिस हा जिवाणूजन्य आजार असतो. बुरशीचे तंतू लांब आणि मोकळे असतात, तर कॉलम्नारिसचा थर करडा-पांढरा, आखूड आणि त्वचेला चिकटलेला दिसतो. पाठीच्या परापासून दोन्ही बाजूंना तो खोगिरासारखा उतरतो आणि ओठांच्या कडा झिजतात. ऊन पाण्यात हा जिवाणू झपाट्याने वाढतो. पांढऱ्या ठिपक्यांच्या परजीवीवर तापमान वाढवण्याचा उपाय चालतो, मात्र इथे तोच घातक ठरतो आणि दोन दिवसांत टाकी रिकामी होऊ शकते. तापमान २४-२५ अंशांवर हळूहळू आणावे आणि एअर पंप चालू ठेवावा, कारण कल्ले खराब झालेल्या माशाला श्वास घेणेच जड जाते.

दुसरी चूक माणसांच्या औषधाची आहे. घरात उरलेली टेट्रासायक्लिन या प्रतिजैविकाची कॅप्सूल टाकीत फोडण्याची सवय मला फार खटकते. बोअरच्या जड पाण्यातले कॅल्शियम या औषधाला बांधून ठेवते, उजेडात ते विघटित होते आणि फिल्टरमधले, विषारी अमोनिया मोडणारे उपयुक्त जिवाणू मात्र त्याने मरू शकतात. अमोनिया वाढतो व आजारी मासा दुहेरी संकटात सापडतो. मासा खात असेल तोवर जाणकाराच्या सल्ल्याने औषध खाद्यातून द्यावे, तेही वेगळ्या टाकीत. औषध पाण्यात सोडायचे असल्यास फिल्टरमधला कोळसा आधी काढावा, नाहीतर तो औषधच शोषून घेतो.

फिल्टरचा स्पंज नळाखाली खळखळून धुणे ही चूक साधी वाटते, पण पर कुजण्याच्या कित्येक तक्रारींचे मूळ तिथेच असते. नळाच्या पाण्यातल्या क्लोरीनने स्पंजातले जिवाणू मरतात. टाकीतून काढलेल्या बादलीभर पाण्यात तो नुसता पिळावा. पाणी गढूळ तपकिरी होते, तेवढी सफाई पुरते. टाकीच्या पाण्यात अमोनिया आणि नायट्राइट ही विषारी द्रव्ये शून्यच हवीत.

नवा मासा किमान दोन आठवडे वेगळा ठेवावा आणि त्याची जाळी मुख्य टाकीत बुडवू नये. हाताला जखम असताना टाकीत हात घालू नये, कारण माशांच्या क्षयाचा जिवाणू माणसाच्या त्वचेतही गाठी उठवतो.