कल्पित जगासाठी द्वैतवादी तत्त्वपरंपरा कशी रचावी

कल्पित जगासाठी द्वैतवादी, म्हणजे दोन मूलतत्त्वे मानणारी, परंपरा रचायला बसलेला लेखक बहुतेक वेळा प्रकाश आणि अंधार ही जोडी उचलतो, एकीकडे सज्जन आणि दुसरीकडे दुर्जन उभे करतो, आणि तत्त्वज्ञान झाले असे समजतो. त्यातून फार तर दोन सैन्ये उभी राहतात. माझ्या मते द्वैतवादाचा कस लागतो तो दोन तत्त्वे एकमेकांना भिडतात त्या सांध्यावर, आणि म्हणून रचनेचा सर्वाधिक वेळ तिथेच द्यावा.

मात्र त्याआधी रेघ कुठे ओढायची ते ठरवावे लागते. सतराव्या शतकातील फ्रेंच तत्त्वज्ञ देकार्त याने विचार करणारे मन एका बाजूला आणि जागा व्यापणारे शरीर दुसऱ्या बाजूला ठेवले. पुरुष (चेतन तत्त्व) आणि प्रकृती (जड तत्त्व) मानणाऱ्या सांख्य दर्शनाच्या अनुयायांनी, म्हणजे सांख्यांनी, मात्र बुद्धी, अहंकार आणि मन ही तिन्ही प्रकृतीच्या पदरात टाकली आणि पुरुषाकडे केवळ साक्षित्व, म्हणजे नुसते पाहणे, ठेवले, म्हणजे देकार्त ज्याला आत्म्याचे काम समजतो तेच सांख्यांच्या लेखी जडाचे काम ठरते. द्वैत वेदान्ताचे प्रवर्तक मध्वाचार्य यांनी ईश्वर, जीव आणि जड यांच्यात पाच प्रकारचे भेद मांडले, पण स्वतंत्र असा एक ईश्वरच मानला. तेव्हा आपल्या जगात स्मरण, भूक, राग, स्वप्न आणि नाव या गोष्टी रेघेच्या कोणत्या बाजूला पडतात, हे आधी कागदावर लिहून काढावे. यांतली एखादी गोष्ट कोणत्याच बाजूला नीट बसेना, तर ती खोडू नये. पुढे वाद तिच्यावरच पेटणार असतो.

आता सांधा. बोहेमियाची राजकन्या एलिझाबेथ हिने 1643 मध्ये देकार्तला पत्र लिहून विचारले, की ज्याला आकार नाही आणि जागा नाही असा आत्मा शरीराला हलवतो तरी कसा? सांख्यांनी आंधळ्याच्या (प्रकृतीच्या) खांद्यावर बसलेल्या डोळस पांगळ्याचा (पुरुषाचा) दृष्टांत दिला, तर शंकराचार्यांनी आक्षेप घेतला, की पांगळा निदान बोलून वाट दाखवतो, निष्क्रिय पुरुष काय करणार? आपल्या परंपरेला असा एक दृष्टांत द्यावा, आणि तो मुद्दाम थोडा अपुरा ठेवावा.

एक रचून पाहू. गाळाने भरलेल्या नदीकाठचे लोक ओघ आणि साका अशी दोन तत्त्वे मानतात. ओघ वाहतो आणि कुठे थांबत नाही. साका तळाशी बसतो आणि आकार धरतो. माणूस म्हणजे गढूळ पाणी. घरात कोणी गेले की नदीचे पाणी मातीच्या घटात भरून उशाशी ठेवतात आणि ते नितळेपर्यंत कोणी घटाला हात लावत नाही, दार आपटत नाही, लहान मुलांनाही शेजारी धाडतात, कारण धक्का लागला की बसलेला साका पुन्हा वर येतो. मग वरचे पाणी अलगद ओतून नदीला देतात आणि खालचा गाळ उंबरठ्याला लिंपतात.

या विधीत आता तुरटी आणावी. दोन रात्री जागलेली सून सगळे झोपल्यावर घटात तुरटीचा खडा फिरवते आणि सकाळपर्यंत पाणी स्वच्छ होते. सासऱ्यांची सुटका झाली का? एक पंथ म्हणेल, झाली. ओघ मुळात कधी गढूळ झालाच नव्हता, गाळ नुसता त्यात तरंगत होता, तो कशाने बसला याला महत्त्व नाही. दुसरा पंथ म्हणेल, की साका बसायला जो वेळ लागतो त्या वेळातच दोघे एकमेकांचा निरोप घेतात, आणि तो वेळ हिरावला तर मृताला अर्ध्यावर तोडले. शिवाय नितळलेल्या पाण्याला आता किंचित तुरट चव आली आहे. ही चव ओघाची म्हणावी की साक्याची? मला विचाराल तर ही चव म्हणजेच त्या परंपरेचे पुढचे सगळे भाष्यवाङ्मय.

हे वाद लिहिताना आपल्याकडची पूर्वपक्षाची रीत जरूर वापरावी. प्रतिपक्षाचे म्हणणे त्याला स्वतःला मान्य होईल इतक्या ताकदीने आधी मांडावे आणि मगच उत्तर लिहावे. उत्तर लंगडे पडले तर ते तसेच राहू द्यावे, कारण त्या भेगेतूनच तिसरा पंथ निघतो.

सिद्धांताचा भार रोजच्या जगण्यावर पडलेला दिसला पाहिजे. प्रकाश आणि अंधार ही दोन तत्त्वे मानणारा तिसऱ्या शतकातील धर्मसंस्थापक मानी याच्या अनुयायांत निवडक साधकांना पीक कापण्याची आणि अन्न रांधण्याची मनाई होती, कारण वनस्पतींत अडकलेल्या प्रकाशाला त्याने इजा होते. ती कामे श्रावक, म्हणजे सामान्य अनुयायी, करत आणि साधकांना जेवण आणून देत. एका तत्त्वातून अशी सगळी समाजरचना निघते. आपल्या नदीकाठी घट घडवणारा कुंभार पवित्र की अपवित्र, एवढे ठरवले तरी पुष्कळ काही ठरते.

अद्भुत जगात एक अडचण विशेष असते आणि ती बहुतेकांच्या नजरेतून सुटते. मांत्रिकाला शरीरातून निघालेला जीव डोळ्यांनी दिसत असेल, तर जीव वेगळा आहे हे मत उरत नाही, ती माहिती होते. अशा वेळी वाद एक पायरी खाली न्यावा: जे दिसले तो ओघच कशावरून? दिसायला आकार लागतो आणि आकार तर साक्याचा. दिसलेला आत्मा हा अतिसूक्ष्म गाळच आहे, असे म्हणणारा पंथ मांत्रिकांच्या जगात फार अस्वस्थता माजवील.

शेवटी कसोटी म्हणून एक प्रसंग लिहावा आणि त्यात ओघ, साका किंवा कोणत्याही पंथाचे नाव येऊ देऊ नये. पहाटे सून पाणी ओतायला घट उचलते, नणंद बोट बुडवून जिभेला लावते आणि थबकते. ती पुढे काय बोलते ते लिहावे.